दुसरीला भेटायला लागलेली पावणेचार वर्षं

माझ्या कादंबरीच्या लेखकप्रतींचं खोकं घरी आल्यापासून तीन जणींनी मला एकच प्रश्न विचारला आहे: अशी गोष्ट लिहायला घ्यायची तर सुरुवात कुठून करायची? अशी म्हणजे, जग सगळं कल्पनेतलं आणि त्यात माणसाला स्वतःचंच भूत भेटतं. मी सुरू केलं तेव्हा मलाही हेच कुणाला तरी विचारायचं होतं, पण विचारावं असं ओळखीत कुणी नव्हतं. म्हणून जसं घडलं तसं, महिन्यांसकट लिहून ठेवते. यातलं बरंचसं नुसतं वाट पाहणं आहे.

२०२१च्या जूनमध्ये माझ्याजवळ फक्त एक चित्र होतं. ओहोटीनं उघडा पडलेला समुद्राचा तळ, त्यावरून समोरून चालत येणारी एक बाई, आणि जवळ आल्यावर कळतं की ती मीच आहे. हे चित्र कुठून आलं ते मला माहीत होतं. वडिलांच्या आजारपणात मी शिक्षण अर्ध्यावर सोडलं. तो निर्णय माझा होता आणि त्याचा मला पश्चात्ताप नाही. पण जी गेली असती, शिकली असती, ती कशी दिसली असती हा विचार वीस वर्षं माझ्यासोबत होता. मी हिशेबाचं काम करते. दिवस आकड्यांत जातो. त्यामुळे लिहायला पहाटे पाच ते साडेसहा एवढाच वेळ, आणि तो शेवटपर्यंत तेवढाच राहिला.

त्या जगाला नाव दिलं निमाळ. निमाळचा समुद्र वर्षातून नऊ दिवस मागे सरतो. उघड्या तळावर ज्याला जायचं तो जातो, आणि तिथे त्याला आपलंच दुसरं रूप भेटतं: एका वळणावर वेगळी वाट धरलेलं.

त्या रूपाला काय म्हणायचं, यात तीन आठवडे गेले. ‘तोतया’ हा शब्द जिभेवर होता, पण त्याला फसवणुकीचा वास आहे. १७६१च्या पानिपतानंतर सदाशिवरावभाऊ म्हणून उभा राहिलेला तोतया आपल्या सगळ्यांच्या डोक्यात असतो, आणि तो हाडामांसाचा दुसराच माणूस होता. ‘सावली’ फार गोड. ‘प्रतिरूप’ कोरडं. ‘भूत’ म्हटलं की मेलेलं माणूस आलं, आणि माझी तर मेलेली नव्हती, झालेलीच नव्हती. शेवटी एका पहाटे वहीत सहज लिहिलं गेलं, ‘दुसरी दिसली’. तेच ठेवलं. निमाळमध्ये सगळे एवढंच म्हणतात: तुझी दुसरी भेटली का गं?

जुलै ते ऑक्टोबर वाचनात गेले. इथे जरा थांबते, कारण पुढची मेहनत या चार महिन्यांनी वाचवली. आपल्याकडे संज्ञेची कथा आहेच. सूर्याचं तेज सोसेना म्हणून ती स्वतःच्या जागी छायेला ठेवून निघून जाते. सूर्याला बायको बदललेली कळत नाही. छायेला स्वतःची मुलं होतात, मग ती संज्ञेच्या मुलांना डावं-उजवं करू लागते, चिडलेला यम तिच्यावर पाय उगारतो, ती त्याला शाप देते आणि तिथे बिंग फुटतं. आई पोटच्या पोराला असा शाप देईल का, या शंकेवर सगळं उलगडतं. ही कथा मी लहानपणापासून ऐकलेली, पण लिहिणारी म्हणून वाचताना एकदम लक्षात आलं की छाया रूपाने कुठेच कमी पडत नाही, ती मायेत सापडते. माझ्या दुसरीची ओळखही चेहऱ्यावरून पटवायची नाही, हे त्या दिवशी ठरलं.

बाहेरच्या लोककथांत काय आहे तेही शोधलं. डॉपलगेंगर, म्हणजे हुबेहूब आपल्यासारखं दुसरं माणूस, हा आता सगळीकडे चालणारा शब्द जर्मन लेखक जाँ पॉल यांनी १७९६मध्ये वापरात आणला. आयर्लंडमध्ये अशा रूपाला फेच म्हणतात. ते सकाळी दिसलं तर दीर्घायुष्य, संध्याकाळी दिसलं तर मृत्यू जवळ. नॉर्वेतला व्हार्डोगर मला सगळ्यांत जवळचा वाटला. तो माणसाच्या आधी घरी पोचतो. दारात पावलं वाजतात, कुलपात किल्ली फिरल्याचा आवाज येतो, घरचे उठून बघतात तर कुणी नाही, आणि थोड्या वेळानं खरं माणूस तसंच्या तसं येतं. त्यात भीती नाही, घरच्यांना आधीच लागलेली चाहूल आहे. जर्मन कवी गटेनं आत्मचरित्रात लिहिलेला प्रसंगही असाच. प्रेयसीचा निरोप घेऊन घोड्यावरून निघालेला असताना त्याला समोरून घोड्यावर येणारा स्वतःच दिसला, अंगात करड्या रंगाचा, थोडी सोनेरी नक्षी असलेला पोशाख. आठ वर्षांनी तो त्याच वाटेनं तिला भेटायला चालला होता आणि अंगावर तोच पोशाख होता, मुद्दाम न निवडलेला. त्या दर्शनानं निरोपाच्या घडीला आपल्याला शांत वाटलं, असं तो म्हणतो. शांत वाटलं, हे मी वहीत दोनदा लिहून घेतलं.

श्वासावरून शकुन सांगणाऱ्या स्वरशास्त्राच्या जुन्या परंपरेत छायापुरुष आहे. सूर्याकडे पाठ करून उभं राहायचं, जमिनीवर पडलेल्या स्वतःच्या सावलीच्या मानेवर नजर रोखायची, आणि मग आकाशाकडे बघायचं. तिथे आपलीच उजळ आकृती उभी दिसते. आकृतीला शिर नसेल तर मरण जवळ आलं, असं मानत. मी हे करून पाहिलं. मिनिटभर सावलीकडे एकटक पाहून मान वर केली आणि खरंच आकाशात एक फिकट, पांढरट मी उभी होते. पाच-सहा सेकंद, मग विरघळली. कारण साधं आहे: सावलीवर स्थिरावलेल्या नजरेत डोळ्यातल्या पडद्याचा तेवढा भाग कमी थकतो, उजेडाचा भाग जास्त थकतो, आणि नंतर एकसारख्या आकाशावर उलटी प्रतिमा उमटते. कारण माहीत असूनही अंगावर काटा आला. कुणाला करायचं असेल तर सूर्याकडे चुकूनही बघू नका, पाठ त्याच्याकडेच राहू द्या.

नोव्हेंबरमध्ये आरशाचा प्रयोग केला. इटलीतले मानसशास्त्रज्ञ जोवान्नी कापुतो यांनी २०१०मध्ये याबद्दल लिहिलं आहे. मंद उजेडात दहा मिनिटं आरशात स्वतःकडे बघत राहायचं. त्यांनी बसवलेल्या ५० जणांपैकी सुमारे दोनतृतीयांश लोकांना आपला चेहरा विलक्षण बदलताना दिसला, काहींना तिथे अनोळखी माणूस दिसलं. मी खोलीतले दिवे मालवले, एक छोटा दिवा पाठीमागे ठेवला आणि आरशासमोर पाटावर बसले. पहिल्या मिनिटात डावा गाल पुसला गेला. मग डोळ्यांखाली खड्डे पडले, तोंड आक्रसलं. चौथ्या-पाचव्या मिनिटाला समोर जी बाई होती ती माझ्यापेक्षा वयानं लहान होती आणि माझ्याकडे बघत होती. म्हणजे तसं मला वाटलं. मी पापणी मिटली तशी ती गेली. त्या रात्री मी दिवा लावूनच झोपले आणि सकाळी उठून चार पानं लिहिली, जी पुस्तकात जवळजवळ तशीच आहेत. ज्यांना आधीच रात्रीची झोप नाही किंवा मन थाऱ्यावर नाही त्यांनी हा प्रयोग करू नये, आणि करायचाच तर घरात कुणीतरी जागं असावं.

तिसरी गोष्ट मात्र वाचूनच मिळाली आणि तिनं माझी कादंबरी घडवली. २००६मध्ये स्वित्झर्लंडमधल्या डॉक्टरांनी अपस्माराच्या शस्त्रक्रियेआधीची तपासणी चालू असताना एका २२ वर्षांच्या मुलीच्या मेंदूच्या डाव्या बाजूला, कानाच्या वर, मेंदूचे शंख आणि पार्श्व भाग जिथे मिळतात तिथे, सौम्य विद्युतप्रवाह दिला. तिला मागे कुणीतरी असल्याचं जाणवलं. ती झोपली की ते झोपायचं. ती उठून गुडघ्यांना मिठी मारून बसली, तर तेही बसलं आणि त्यानं तिलाच मिठी मारली. ते तिला नकोसं वाटलं. तिच्या हातात वाचायला एक कार्ड दिलं तेव्हा ती म्हणाली, त्याला हे कार्ड घ्यायचंय, मी वाचलेलं त्याला नकोय. आपल्याच शरीराची जाणीव जागा चुकून पाठीमागे जाऊन बसते, असा त्याचा अर्थ डॉक्टरांनी लावला. मला ते कार्ड विसरता येईना. इतकं जवळचं, आपल्याच हालचालींनी हलणारं, आणि तरी त्याला काहीतरी वेगळं हवं आहे.

मग नियम ठरवले. हे काम वहीच्या एका पानात बसतं, पण त्याला दोन महिने लागले. तिला काय करता येतं यापेक्षा काय करता येत नाही ते आधी लिहा, एवढंच सांगेन. माझी दुसरी आधी बोलू शकत नाही. वाट फुटली त्या दिवसापर्यंतचं सगळं तिला माहीत आहे, त्यानंतरचं माझं काहीच नाही. ती तळाबाहेर येऊ शकत नाही. आणि तिची पावलं उमटतात. हे शेवटचं ठरवायला मला प्रत्यक्ष ओल्या वाळूत बराच वेळ उभं राहावं लागलं. ओल्या वाळूत पाऊल दाबलं की आधी भोवतीची वाळू कोरडी पडल्यासारखी फिकट होते. पाय उचलला की खड्ड्याच्या तळाशी टाचेकडून पाणी झिरपायला लागतं, कडा ढासळतात, बोटांचे ठसे आधी जातात, टाच शेवटी. दुसरीच्या पावलांत पाणी भरत नाही. बस, एवढाच फरक. पुस्तकात नायिका तिला याच्यावरून ओळखते.

निमाळमध्ये तळावरून परतलेल्यानं तीन दिवसांत नोंद करायची असते. कारकून विचारतो: कोणत्या वळणाची? बोलणं झालं का? काही दिलं-घेतलं का? हे प्रकरण मी दोन सकाळींत लिहिलं, कारण अशा खिडकीसमोर मी आयुष्यात पुष्कळ उभी राहिले आहे. त्या कारकुनाला मी उद्धट केलं नाही. त्याची दुसरी बाजूही आहे. तो कधीच तळावर गेलेला नाही.

२०२२चा जानेवारी उजाडला आणि मी अडकले. अकरा महिने. कच्चा खर्डा २१२ पानांचा झाला होता. मैत्रिणीनं तो दोन रात्रींत वाचला आणि फोन केला. म्हणाली, “सगळं छान आहे गं. पण त्या दोघी भेटतात कधी?” मी म्हटलं, भेटतात की, सातव्या प्रकरणात. ती म्हणाली, “तिथे ती लांबून दिसते. नवव्यात धुक्यात असते. बाराव्यात पाठमोरी. भेटतात कधी?”

तिचं खरं होतं. मी दुसरीला भयंकर करत होते, कारण भयंकर असली की जवळ जावं लागत नाही. केस मोकळे, डोळे पांढरे, सगळं झालं. अकरा महिन्यांत मी भेटीचं प्रकरण नऊ वेळा सुरू केलं आणि टाकून दिलं. चार रिमं कागद गेले. सकाळी उठायचं, बसायचं, साडेसहाला उठायचं. काही दिवस तर नुसती वाळूची वर्णनं लिहिली. या काळात कामावर चुका झाल्या, घरच्यांशी बोलणं तुटक झालं. एका अडकलेल्या प्रकरणाची ही किंमत असू शकते, आणि ती घरचेही मोजतात. ज्यांना अशा जागी अडकायला झालंय त्यांना मी एवढंच सांगू शकते की रोज बसण्याची वेळ मोडू नका, पण तेच प्रकरण रोज लिहायला घेऊ नका.

एक साधी व्याकरणाची अडचणही होती. दोघी बायका, दोघी ‘ती’. ‘तिनं तिच्याकडे पाहिलं’ यात कुणी कुणाकडे पाहिलं? म्हणून सगळी कादंबरी प्रथमपुरुषी केली: मी आणि ती. मग प्रश्न आला, ही तिला हाक काय मारेल? स्वतःलाच ‘अहो’ म्हणता येत नाही. ‘ए’ म्हणावं तर भांडण वाटतं. स्वतःचं नाव स्वतःच मोठ्यानं घ्यावं, तर ते कानाला परकं लागतं, करून बघा.

डिसेंबर २०२२मध्ये, तारीख १४, ते सुटलं. नायिका घाबरलेली आहे, भरती यायला लागली आहे, आणि समोर दुसरी उभी आहे. दुसरीला आधी बोलता येत नाही, म्हणजे हिलाच बोलायला हवं. मी काहीही न ठरवता लिहिलं: “अगं, पाणी येतंय. आपण निघूया.”

‘आपण’ लिहून मी थांबले. ‘आम्ही’ म्हटलं तर ऐकणारा बाहेर राहतो. ‘आपण’मध्ये तो आत येतो. आणि हाच शब्द आपल्याकडे स्वतःसाठीही आहे, ज्याचं त्यानं बघावं, आपलं आपण करावं. तू आणि मी मिळून आपण, आणि मी एकटी तीही आपणच. हा शब्द मी जन्मभर वापरत होते. त्या पहाटे मला तो पहिल्यांदा ऐकू आला. दुसरीचे पांढरे डोळे, मोकळे केस, सगळं मी त्याच दिवशी काढून टाकलं. तिला फक्त एक साधी गोष्ट हवी असते: वडील नंतर किती दिवस होते, ते तिला कुणीतरी सांगायला हवं असतं. तिला ते माहीत नसतं, कारण ती निघून गेलेली असते. ते प्रकरण पाच सकाळींत झालं. मी ते लिहिताना रडले, आणि त्याबद्दल मला काही वाटत नाही.

पुढचं भराभर. मार्च २०२३मध्ये पाच वाचकांना खर्डा दिला. वाचकांना ‘कसं वाटलं’ विचारू नका, ‘कुठे वाचायचं थांबलात’ विचारा. तिघं एकाच पानावर थांबले होते. ते पान गेलं.

जुलै २०२३मध्ये पहिल्या प्रकाशनाकडे पाठवलं. पाठवण्याआधी त्यांच्या सूचना नीट वाचा: कुणाला पूर्ण हस्तलिखित हवं असतं, कुणाला तीन प्रकरणं आणि सारांश, कुणाला छापील, कुणाला फाइल. सारांशात शेवट लपवायचा नसतो, तो वाचकासाठी नसून संपादकासाठी असतो. सात महिने काही उत्तर नाही. दोनदा विचारलं, विचाराधीन आहे असं कळलं. फेब्रुवारी २०२४मध्ये समजलं की हस्तलिखित त्यांच्याकडे सापडतच नाही. वाईट वाटलंच. त्या दिवसापासून मी पाठवलेल्या प्रत्येक गोष्टीची पोच मागते आणि तारखेसह वहीत लिहिते. स्वतःकडे तीन ठिकाणी प्रत ठेवायची सवय आधीपासून होती, म्हणून निभावलं. चोरीची भीती पुष्कळांना असते. लेखनहक्कांबद्दलच्या आंतरराष्ट्रीय बर्न करारातल्या देशांत लेखनावरचा हक्क लिहिता क्षणी लेखकाचा होतो, त्यासाठी नोंदणीची अट नसते. तारखा असलेले खर्डे मात्र जपून ठेवा.

मार्चमध्ये दुसरीकडे पाठवलं, जूनमध्ये होकार आला, ऑगस्टमध्ये करार. करार घरी आणून चार दिवस वाचला आणि प्रश्न लिहून काढले. मानधन छापील किमतीवर की प्रत्यक्ष मिळालेल्या रकमेवर? हिशेब वर्षातून केव्हा? अनुवाद, श्राव्य पुस्तक आणि चित्रपट यांचे हक्क यातच आहेत की वेगळे? आवृत्ती संपल्यावर पुन्हा छापली नाही तर हक्क माझ्याकडे केव्हा परत येतात? शेवटचं कलम करारात नव्हतं. मी विचारलं, त्यांनी घातलं. विचारायला संकोचू नका.

नोव्हेंबरमध्ये पहिली मुद्रितं, म्हणजे छपाईआधी तपासायची पानं, आली आणि मला घाम फुटला. माझी फाइल युनिकोडमध्ये, त्यांची मांडणी जुन्या फॉन्टमध्ये. रूपांतरात ‘ऱ्या’ मोडला होता. पुस्तकभर ‘दुसऱ्या’चं ‘दुसर्या’ झालेलं, म्हणजे नेमका तोच शब्द. समुद्राच्या तळातल्या ‘दऱ्या’ होत्या, त्यांचा ‘दर्या’ झाला होता, आणि वाक्याचा अर्थ तरीही लागत होता, त्यामुळे ती चूक नजरेतून सुटणारी होती. शोधा आणि बदला करून हे भागत नाही, कारण काही ठिकाणी खरोखरच दर्या हवा होता. एकेक जागा हातानं पाहिली. २६४ पानं, तीन फेऱ्या, अडीच महिने. तुमच्या लिखाणात ज्या शब्दावर सगळं उभं आहे, तो मुद्रितात पहिल्यांदा शोधा.

शेवटची मुद्रितं जानेवारी २०२५मध्ये आली. मुद्रितशोधकांनी शेवटच्या पानावर पेन्सिलीनं गोल केला होता. तिथे नायिका भरतीच्या पाण्यातून एकटी किनाऱ्यावर येते. दुसरी मागेच राहिलेली असते, वाळूत पावलांची एकच ओळ असते आणि तिच्यात पाणी भरत असतं. वाक्य होतं: ‘दिवेलागणीला आपण घरी पोचलो.’ समासात त्यांनी लिहिलं होतं: ‘आता ती एकटीच आहे ना? येथे “मी पोचले” हवं का?’

त्यांनी इतकं बारकाईनं वाचलं होतं, याचं मला खूप बरं वाटलं. मी ते पान एक रात्र तसंच ठेवलं. सकाळी पाच वाजता त्याच समासात, त्यांच्या प्रश्नाखाली लिहिलं: ‘जसं आहे तसं ठेवावं.’ खाली सही केली, तारीख घातली आणि पाकीट चिकटवलं.